बाबांनी आणलेलं धारोष्ण दूध

बाबा,

आईला आणायला दवाखान्यात जातेय. दुपारी आम्ही दोघी घरी येऊ. गोठेवाल्या काकांकडून तुम्ही सकाळी आणलेलं धारोष्ण दूध मी चांगली उकळी येईपर्यंत तापवलंय. चिडायचं तर माझ्यावर चिडा, पण ते चहाला वापरा.

पिशवीतलं दूध म्हणजे पांढरं पाणी, हे तुमचं म्हणणं चवीपुरतं मला मान्य आहे. कच्च्या दुधाला गोडवा असतो, गवताचा वास असतो, साय जिभेवर रेंगाळते. पण गाय कितीही धडधाकट असली, तरी त्यात जंतू असू शकतात. तुम्ही-मी कदाचित ते पचवू. आईच्या अंगात या केमोच्या औषधांनी जंतूंशी लढायचं त्राणच ठेवलेलं नाही. पिशवीतलं पाश्चराइज्ड दूध कारखान्यातच तापवून त्यातले जंतू मारलेले असतात आणि कस जवळपास तेवढाच राहतो. डॉक्टरीणबाईंना मी नीट विचारून घेतलंय; घरी उकळलेलं असलं तरी कच्चं आणलेलं दूध तिला सध्या नको. तिच्यासाठी पिशवी फ्रीजमध्ये आहे.

काल तिला म्हटलं, "बाबा तुझ्यासाठी खास दूध आणणार आहेत." ती हसली. म्हणाली, "त्यांना सांगू नकोस हं, पण मला हल्ली कशाचीच चव लागत नाही. ते पेला घेऊन शेजारी बसतात ना, म्हणून पिते मी."

सांगू नको म्हणाली, तरी मी सांगून टाकलं. आज पिशवीतलं दूध तुम्हीच कोमट करून द्या, आणि पेला रिकामा झाला तरी लगेच उठू नका.

— धाकटी