खबऱ्याचं काम

ओल्शिंका,
२० नोव्हेंबर १९६४

चि. सेवेरिन यास आजीचे पोटभर आशीर्वाद, वि. वि.

इकडं सगळी खुशाल. गाय लंगडायची थांबली. रविवारी फिरता सिनेमा आला, आगीच्या बंबवाल्यांच्या दालनात पडदा लावला. तुझा सिनेमा रे! बाकं भरलेली, मी चक्क बंबावर चढून बसले. काय मेला नीच दिसतोस! जंगलात लपून लढणाऱ्या आपल्या पोरांना जर्मनांच्या हवाली करताना टोपी चुरगाळत हसलास, तेव्हा लोहार ओरडला की चेचा ह्या खबऱ्याला. मी वरूनच सांगितलं, चेचा खुशाल, पण नातू माझा आहे! अशी छाती फुगली माझी.

फक्त शेजारची गेनोव्हेफा सिनेमा संपताच न बोलता गेली. लढाईत तिच्या लेकाला, लुडविकला, असंच कुणीतरी धरून दिलं, कोण ते कळलंच नाही. आता विहिरीवर माझ्याशी बोलत नाही. जेवत जा.

तुझी आजी, अपोलोनिया

क्राकूव,
६ डिसेंबर १९६४

ती. आजीस सेवेरिनचा शि. सा. न.

पत्र वाचून आधी हसलो, मग जेवण गेलं नाही. आजवर मी नाटकात पोस्टमन, दारुडा, दोनदा प्रेत. नाव कुणाला ठाऊक नव्हतं. आता चेहरा ठाऊक झाला, तर पाववाली पाव आपटून देते. ते सोसेन. पण गेनोव्हेफाकाकूनं मला मांडीवर खेळवलंय. तिच्या जखमेवर मीठ चोळणारं काम मला नको. नाताळचे प्रयोग झाले की राजीनामा देतो. मेहुण्याच्या दुकानात खुर्च्या विकीन. रागावू नकोस.

तुझा सेवेरिन

ओल्शिंका,
२६ डिसेंबर १९६४

चि. सेवेरिन यास आशीर्वाद, आणि एक धपाटाही.

नाताळच्या आदल्या संध्याकाळी रीतीप्रमाणे अवचित पाहुण्याचं जास्तीचं ताट मांडलं होतं. दार वाजलं, गेनोव्हेफा! येऊन त्याच ताटावर बसली. बिटाचं सार संपवलं. मग म्हणाली, वीस वर्षं लुडविकला धरून देणाऱ्याला चेहरा नव्हता गं, नुसता काळोख. तुझ्या नातवानं त्याला चेहरा दिला. सिनेमाच्या शेवटी गोळी घालायला भिंतीपाशी उभं केल्यावर तो आईला हाका मारत रडला, तेव्हा कळलं, एवढासाच होता की तो! ह्याला मी इतकी वर्षं भीत होते? त्या दिवसापासून शांत झोपते म्हणाली. माझ्याशी बोलायला लागताच रडू येईल म्हणून टाळत होती.

तुझ्या खुर्च्यांचं सांगितलं, तर अशी भडकली! म्हणाली, खुर्च्या कुठलंही गाढव विकेल. पडद्यावर असं रडायला दुसऱ्या कुणाला येणार?

तुला ठाऊकच आहे, मनात अढी असलेल्याबरोबर आपल्यात सणाची पिठाची पापडी मोडून वाटत नाहीत. तिनं स्वतःची मोडली, अर्धी खाल्ली, अर्धी ह्या पाकिटात घालायला लावली. वाटेत चुरा झाला तरी बोटानं टिपून खा. आणि मग तोंड रंगवायला बस.

माया आहेच, ती वेगळी काय लिहू.
आजी