चार बोटं खाली

३ डिसेंबर, मंगळवार

ही घरी आली ती दारातच बसली. चप्पलसुद्धा काढली नाही! सकाळी पठारावर एवढं धुकं होतं म्हणे की स्वतःच्या गाडीचं नाक दिसेना. समोरून ट्रक आला तो अंगावर आल्यावरच कळला. गोष्ट सकाळची, पण संध्याकाळी सहालाही पुन्हापुन्हा तेच सांगत होती.

सहा वर्षं हाच रस्ता. पठारापलीकडचं तेच हॉस्पिटल, तीच नर्सची नोकरी, पहाटे साडेपाचला निघणं. धुकं दर थंडीत असतं. हिला इतकी घाबरलेली मी कधी पाहिली नाही. यंदाच काय झालं?

"असंच राहिलं तर थंडीभर तिकडेच खोली घेते," म्हणाली. म्हणजे मी इथे एकटा! दोन-अडीच महिने! आधीच घरात माणसं दोन, त्यातलं एक गेलं तर घर खायला उठेल. म्हटलं, थांब. फॉगलाइट बसवू. मीच बसवतो, घरी.

"तुम्ही?" म्हणाली.

चाळीस वर्षं मोटारी रिवाइंड केल्या मी. पाण्याच्या पंपाच्या, गिरणीच्या, लिफ्टच्या. आणि मला विचारते, तुम्ही?

४ डिसेंबर, बुधवार

स्पेअरपार्टवाल्याकडे गेलो. "काका, गाडी सोडून जा, दोन तासांत बसवून देतो." नको म्हटलं. बाहेरचा माणूस वायर कुठेही कापतो आणि वर चिकटपट्टी गुंडाळतो. खोकं घरी आणलं. दोन दिवे, ब्रॅकेट, रिले, बटण, फ्यूज, वायरचं बंडल. बंडल बाजूला ठेवलं. माझ्याकडे वायरला काय तोटा!

तसंही बारा व्होल्टला मी वीज म्हणतच नाही.

५ डिसेंबर, गुरुवार

रात्रभर एकच प्रश्न — हे दिवे एवढे खाली का लावायचे? बंपरच्या खाली, पार रस्त्याला चिकटून! अंधारात बघायचं तर दिवा उंच धरावा, ही साधी अक्कल. मग धुक्यात उलटं का?

बाथरूम बंद करून गीझर पूर्ण सोडला. वाफच वाफ. टॉर्च डोळ्यांजवळ धरला — समोर पांढरी चादर, बादली गायब. टॉर्च गुडघ्याखाली नेला, जमिनीला सरळ धरला — बादली दिसली! कडीसकट दिसली! पुन्हा वर, गायब. पुन्हा खाली, हजर. दहा-बारा वेळा केलं. वाफेतला थेंब न् थेंब उजेड परत आपल्याच डोळ्यात फेकतो. दिवा डोळ्यांपासून जितका लांब, तितका तो त्रास कमी. आणि उजेड वर चढू द्यायचाच नाही. चढला की संपलं.

बाहेरून ही ओरडली, "आत काय चाललंय? मला ड्यूटीला जायचंय!" घामाघूम होऊन बाहेर आलो. म्हटलं, धुकं बघत होतो. हिने कपाळावर हात मारला.

चौसष्टाव्या वर्षी बाथरूममध्ये एवढी मजा येईल असं वाटलं नव्हतं.

७ डिसेंबर, शनिवार

हिला सुट्टी, म्हणून गाडी घरी. ब्रॅकेट बसले. बंपरच्या मागे हात जाईना, कोपर सोललं. वायर जोडली, बटण दाबलं. लागले! शेजारचे हेडमास्तर (रिटायर होऊन आठ वर्षं झाली तरी हेडमास्तरच) गच्चीवरून टाळ्या वाजवत होते. दोन मिनिटांत वास आला. वायर हाताला चटका देईल इतकी तापलेली! बॅटरीचा पाना शोधेपर्यंत पाचावर धारण बसली.

हात दाखवून अवलक्षण. व्होल्ट कमी म्हणजे अँपिअर जास्त, हे बारकं पोरही सांगेल. दोन दिव्यांना नऊ अँपिअर, आणि मी घातली घंटीची वायर!

"आधी अँपिअर, मग वायर." हे वाक्य माझं नाही. तिचं आहे.

इथे लिहायला हरकत नाही, ही वही कुणी वाचत नाही. मुलगी सहा वर्षं माझ्याबरोबर दुकानात बसली. तिचं वाइंडिंग माझ्यापेक्षा सुबक. तोंडावर कधी म्हटलं नाही. अडीच वर्षांपूर्वी म्हणाली, "बाबा, आता कुणी मोटार भरून घेत नाही, नवीच घेतात. मी नोकरी धरते." मी म्हटलं, गेलीस तर पुन्हा या दारात येऊ नकोस. गेली. आलीही नाही — हट्टाला माझीच! लग्न केलं, मी गेलो नाही. ही तासभर जाऊन आली. तेव्हा हिलाही बजावलं, माझ्यासमोर तिचं नाव काढायचं नाही. हिने आजतागायत काढलेलं नाही. नोकरी कुठे, राहते कुठे, मला काही ठाऊक नाही. दुकान तर वर्षभरात बंदच झालं.

वायर उद्या बदलतो. खोक्यातलीच घालतो.

८ डिसेंबर, रविवार

झालं! बटण दाबलं की रिले टक् करतो. फार गोड आवाज. वायर गार.

पण एक दिवा झाडाकडे बघत होता. तासभर खटपट केली. शेवटी चष्मा लावला तर काचेवर बारीकसा बाण — मी दिवा उलटाच बसवला होता! हेडमास्तर म्हणाले, "प्रश्नपत्रिका आधी पूर्ण वाचावी."

अंधार पडता पडता समोरच्या गोदामाच्या भिंतीसमोर पंचवीस फुटांवर गाडी लावली. भिंतीवर दिव्यांच्या उंचीला खडूची रेघ. उजेडाची वरची कड त्या रेघेच्या चार बोटं खाली हवी. हिला ड्रायव्हरच्या जागी बसवलं, कारण माणूस बसला की गाडी दबते. ही म्हणाली, "अय्या, कात्रीने कापल्यासारखा उजेड आहे!" लग्नाला इतकी वर्षं झाली, माझ्या कुठल्याही कामाला अय्या म्हणालेली नाही.

९ डिसेंबर, सोमवार

"दिवे वर मारतात. ट्रकवाले डिपर देतात. समोर नुसतं पांढरं."

कसं शक्य आहे?

१० डिसेंबर, मंगळवार

काल आल्या आल्या भिंतीवर तपासलं. चार बोटं खाली. केसाचा फरक नाही. आज पुन्हा तेच — "वर मारतात." पुन्हा तपासलं. पुन्हा चार बोटं!

म्हटलं, तुला नीट दिसत नसेल. भडकली. "मला एकटीला दिसत नाही, आणि सगळ्या ट्रकवाल्यांनाही दिसत नाही का?" मुद्दा बरोबर आहे.

१२ डिसेंबर, गुरुवार

काल हिचं नेलपॉलिश घेतलं आणि प्रत्येक नटावर, नटापासून ब्रॅकेटपर्यंत, एकेक लाल रेघ ओढली. हादऱ्याने नट हलला तर रेघ तुटेल. आज बघितलं, एकही रेघ तुटलेली नाही.

म्हणजे निघताना बरोबर, परत आल्यावर बरोबर, आणि मधेच चूक. कुठे घोडं पेंड खातंय, कळेना. चाळीस वर्षांत एकही मोटार मला अशी फसवून गेली नाही.

रविवारी खोली बघायला जाणार म्हणते. एका वॉर्डबॉयने दाखवायचं कबूल केलंय. मला जेवण गेलं नाही.

१३ डिसेंबर, शुक्रवार

सापडलं! दुपारी दाढी करताना सापडलं. दिवे हलत नाहीत, गाडी हलते! मागचा भाग दबला की नाक वर होतं, आणि उजेड चढतो. मागच्या स्प्रिंगा तर थकलेल्याच आहेत.

ही आल्यावर गाडी भिंतीसमोर. हेडमास्तरांना बोलावलं. नव्वद किलो, त्यांनी स्वतः कबूल केलं. आधी पुढे, हिच्या शेजारच्या सीटवर बसवलं. कड जेमतेम अर्धं बोट हलली. मग मागे. सहा बोटं वर! हेडमास्तर आतून, "मी एवढा परिणामकारक आहे हे शाळेत कुणाला कळलं नाही."

मग माझी तांब्याच्या तारेची पोती, दुकानाच्या वजनकाट्यावर तोलून. वीस किलो, चाळीस, साठ. साठला कड बरोबर रेघेवर आली. ट्रकवाल्याच्या डोळ्यात जायला एवढं पुरे.

म्हणजे पठारावर या गाडीत मागच्या सीटवर साठ किलो असतात. डिकीत काही नाही, जॅक आहे फक्त. साठ किलो — एक माणूस.

पण पुढची सीट रिकामी असताना मागे कोण बसतं? हेडमास्तरांना विचारलं. म्हणाले, "मागे दोघंच बसतात. एक साहेब, नाहीतर—" आणि थांबले. चहा राहिलाय म्हणून निघूनच गेले. नाहीतर कोण? वाक्य अर्धवट टाकून चालला! आणि हा व्याकरण शिकवायचा!

ही तोवर आत गेली होती.

१४ डिसेंबर, शनिवार

सकाळी सरळ विचारलं. मागच्या सीटवर काय असतं?

"काय असणार? माझा डबा."

डबा साठ किलोचा? असं म्हणणार होतो. पण ही माझ्याकडे बघत राहिली, नजर न हलवता. "आणखी काही विचारायचंय?"

हिला खोटं बोलता येत नाही. हॉस्पिटलात कोण कुणावर चिडलं, कुणाच्या डब्यात काय होतं, सगळं येऊन सांगते. रोज कुणाला गाडीत घेते, एवढंच सांगत नाही. मी हिला आयुष्यात एकच गोष्ट बोलू नकोस म्हणून सांगितलंय.

दिवसभर दुकानाची जुनी हत्यारं पुसत बसलो. काही पुसायचं नव्हतं. म्हणजे ती याच गावात आहे. कामाला त्याच बाजूला जाते. माझ्या दारातून निघालेल्या गाडीत रोज पहाटे बसते, आणि मला ते कळतं भिंतीवरच्या उजेडाच्या रेघेवरून! लाज वाटली. रागही आला, पण कुणाचा ते नीट ठरेना. बहुतेक माझाच.

आणि काल ट्रक हातभर अंतरावरून गेला असं ही म्हणाली — नाही, काल नाही, तीन तारखेला. त्या दिवशीही ती आत असणार. हे आत्ता लिहिताना लक्षात आलं. पेन खाली ठेवतो.

(नंतर.) पण मागे का बसते? आईवरही रागावली आहे का? मागे झोपून घेते? लहानपणापासून तिला पुढे बसायचं असायचं. पुढची सीट मिळाली नाही तर गाडीत चढायची नाही.

१५ डिसेंबर, रविवार

ही खोली बघायला निघाली होती. म्हटलं, आजचा दिवस थांब. एवढंच म्हटलं, पण थांबली.

अंधार पडल्यावर गाडी भिंतीसमोर लावली. मागच्या सीटवर तारेची पोती, साठ किलो. ड्रायव्हरच्या जागी ही. स्क्रू फिरवत फिरवत कड खाली आणली. रेघेवरून एक बोट, दोन, तीन. चार.

"मागे काय ठेवलंय?" हिने आरशात बघून विचारलं.

साठ किलो, म्हटलं.

ही आरसा पुसायला लागली. मीही पाना पुसत राहिलो. गाडी आत घेताना पोती उतरवायला गेलो, तर ही आधीच एक पोतं ओढत होती. पंचावन्न वर्षांच्या बाईने एकटीने! म्हटलं, सोड, कंबर धरेल. सोडलं नाही. डोळे पुसायला मात्र थांबली.

पूर्वी म्हणायची, सुंभ जळला तरी पीळ जात नाही तुमचा. आज म्हणाली नाही.

१६ डिसेंबर, सोमवार

धुकं दाट. आमच्या गल्लीतसुद्धा. दिवसभर घड्याळ बघितलं.

सहाला आली. "एकानेही डिपर दिला नाही. कडेची पांढरी रेघ शेवटपर्यंत दिसत होती." मग स्वयंपाकघरात गेली, पुन्हा बाहेर आली, काहीतरी बोलणार असं वाटलं. पुन्हा आत गेली. खोलीचा विषय नाही.

१७ डिसेंबर, मंगळवार

ही निघताना उंबऱ्यात थांबली. किल्ली हातात, पाठ माझ्याकडे.

"वजन जरा कमी धरलंत तुम्ही. अजून आठ किलो धरा."

आठ किलो कसले?

"नऊ महिन्यांचे."

आणि गेली! मांडीवर बाळ, म्हणून मागची सीट! मुलगा की मुलगी, तेही विचारलं नाही मी. संध्याकाळी सहाला येईल. आत्ता पहाटेचे पावणेसहा.