पुरवणीचा उजेड

२१ नोव्हेंबर, दुपार

ती. वन्संना,

नमस्कार. मी ठीक आहे. गुडघा दुखतो, पण उलट बोलत नाही. घरात तेवढंच एक शहाणं उरलंय. तुमचा खोकला बरा असावा. प्रकाशनाच्या दिवशी माइकसमोर तरी आला नाही.

उजेडाच्या शब्दांचं आपलं पुस्तक देखणं झालंय. वर एकट्या तुमचं नाव, आत ‘टंकलेखनासाठी भावजयीचे आभार’. मी या घरात आले तेव्हा तुम्ही विचारलं होतंत, कॉन्व्हेंटात शिकून काय उजेड पाडलास? तेही पुस्तकात घेतलंय, वाक्यात उपयोगासकट. मला हसू आलं. नावाचं सोडा.

आपला नियम आठवतो? उजेड दोघींनी डोळ्यांनी पाहिल्याशिवाय त्याचा शब्द घ्यायचा नाही. तिरीप आणि कवडसा यांवरून माझ्या स्वयंपाकघरात आपण सकाळभर भांडलो. फटीतून येते ती तिरीप, जमिनीवर पडतो तो कवडसा, हे शेवटी तुम्ही फरशीवर बसून कबूल केलंत. ‘लख्ख’साठी तुम्ही मला गच्चीवर नेलंत. ‘मिणमिणता’साठी मी तुम्हाला तुमच्याच जिन्यातला दिवा दाखवला. चांगले दिवस होते. हे लिहायचं नव्हतं, लिहून गेले.

एकच शब्द मी देणार नाही म्हटलं होतं. सूर्य बुडाल्यावर, दिवा न लावता चार ओळी वाचता येतात, तेवढ्या उजेडाचा. तुम्ही माझा हात धरून म्हणालात, “नको देऊस. तुझा आहे, तुझ्यापाशी राहू दे.”

आणि व्यासपीठावरून तोच वाचलात. ‘पुरवणीचा उजेड : आमच्या माहेरचा शब्द. बाबा वापरत.’ टाळ्या पडल्या. माझ्या डोळ्यांपुढे काजवे चमकले. तेही पुस्तकात आहेतच.

वन्सं, तुमच्या बाबांचं कापडाचं दुकान होतं. परीक्षेच्या वर्गात मुलांना पुरवण्या वाटण्यात जन्म गेला तो तुमच्या भावाचा. आणि शब्द त्यांनी शाळेतही केला नाही. डॉक्टरांकडून आम्ही परत आलो, त्या संध्याकाळी केला. मी दिवा लावायला उठले तर म्हणाले, “राहू दे. पेपर भरला. आता पुरवणी मिळालीय, ती नीट लिहू.” मग तसेच बसून राहिलो. पुढे रोजच बसायचो, ते होते तोवर. ताईला इतक्यात सांगू नकोस म्हणाले, धावत येईल, रडेल. मी नाही सांगितलं. नंतर तुम्ही शब्दाचं विचारलंत तेव्हाही म्हटलं, संध्याकाळचा उजेड, दुसरं काय.

आता कळलं ना, या शब्दात बाबा कुठेच नव्हते?

पुढच्या आवृत्तीत माझं नाव घालायची तसदी घेऊ नका. तेवढा शब्द काढा. नाही काढलात तरी मला त्याचा फारसा उपयोग उरलेला नाही. त्या समारंभापासून मी ऊन असतानाच दिवे लावून टाकते.

तुमच्या धाकट्या भावाची बायको