उणवसा : अर्थ आणि वापर

सोमवार, ४ मार्च

आले एकदाची! दोन बॅगा, एक छत्री, भिंग आणि कोऱ्या कार्डांची चार पुडकी. दादा स्टेशनवर सोडायला आला होता. म्हणाला, सेहेचाळिसाव्या वर्षी लोक गुडघ्यांची काळजी करतात, तू परक्या घरात शब्द वेचायला चाललीस. मी म्हटलं, गुडघे तुझ्याकडेच ठेवून जाते, सांभाळ. गाडी सुटेपर्यंत हसत होता.

बावीस वर्षं मुद्रितं तपासली. दुसऱ्यांच्या चुका शोधून शोधून डोळ्यांचं भजं झालं. त्या मानाने हे काम म्हणजे चैनच. लेखक दोन वर्षांपूर्वी गेले. त्यांनी कल्पित जगांवर नऊ कादंबऱ्या लिहिल्या आणि त्यांत शेकडो शब्द स्वतः घडवले. आता प्रकाशक सगळी पुस्तकं एकत्र काढताहेत आणि शेवटी त्या शब्दांची सूची हवी आहे: अर्थ, लिंग, वापर, पान. कागद घराबाहेर न्यायचे नाहीत ही लेखकाच्या बायकोची अट, म्हणून तीन महिने मुक्काम इथेच.

घर छान आहे. खाली शिंप्याचं दुकान, वर दोन मजले. काकू (लेखकाची बायको) सत्तरी ओलांडलेल्या, पण पाठ अशी ताठ की मीच सावरून बसले. माझी जड बॅग त्यांनीच उचलली, हो-नाही म्हणायलाही वेळ दिला नाही. स्वयंपाकघर लेखकाच्या बहिणीकडे. त्यांना सगळे आत्या म्हणतात, अगदी शिंपीसुद्धा. बोलणं कमी. जेवताना त्यांची बोटं टेबलावर सारखी टकटक चालू असतात.

मला दिलेली खोली काकूंच्या मुलीची. एकोणीस वर्षांची असताना तापाने गेली, त्याला सत्तावीस वर्षं झाली. म्हणजे असती तर माझ्याच वयाची. पिवळा पडदा, खिडकीखाली टेबल, समोर रस्ता. मस्त उजेड आहे. उद्यापासून कामाला लागते.

गुरुवार, ७ मार्च

तीन दिवसांत एकशे चाळीस कार्डं! माणूस मजेशीर असणार. ‘दिठाळ’ म्हणजे कालचा दिवस बघायची दुर्बीण. ‘खडवाट’ म्हणजे फक्त जाताना असणारी, परतताना नसलेली वाट. प्रत्येक शब्द पहिल्यांदा येतो तिथे ते त्याचा अर्थ कुणाच्या तरी तोंडून सांगून टाकतात. वाचकाला अडवून ठेवत नाहीत. मला असे लेखक आवडतात.

एकच शब्द अडला आहे: ‘उणवसा’. चौथ्या पुस्तकापासून पुढे एकतीस वेळा आलाय, अर्थ कुठेच नाही. पुल्लिंगी. बाईबद्दल असला तरी ‘तो उणवसा’च. उणवसा ‘बसवतात’. उणवसा ‘ओ देतो’. याखेरीज तो स्वतः कुठेच काही करत नाही. काकूंना विचारलं, तर म्हणाल्या, वापर बघ, अर्थ आपोआप सापडेल. हे मीच नवख्या मुलांना बावीस वर्षं सांगत आले. परत कार्डांकडे वळले.

सोमवार, ११ मार्च

आज गंमत झाली. मी कार्डं लावत होते आणि काकूंनी जिन्यातून हाक मारली, झिपरे, ए झिपरे! मी तंद्रीत ओ दिली. मग लक्षात आलं, झिपरी त्यांच्या मुलीचं घरातलं नाव असणार. मीच ओशाळले, त्या मात्र अगदी शांत. पुरे आता, चहा घे, म्हणाल्या.

स्वयंपाकघरात आत्यांच्या हातातून पातेल्याचं झाकण पडलं. कितीतरी वेळ गरगरत होतं, पण त्या उचलायला वाकल्या नाहीत.

गुरुवार, १४ मार्च

सापडला! सगळ्या कार्डांतली तीन कार्डं पुरेशी होती.

चौथं पुस्तक, पान २१२: “दिवेकरी बुडाला तेव्हा त्याच्या जागी उणवसा बसवला. तिसऱ्या हाकेला त्याने ओ दिली आणि दिवेकऱ्याच्या बायकोने पान वाढलं.”

सहावं, पान ४०: “उणवशाची खरी आई वेशीपर्यंत आली, पण कुणाला शोधायला आलो हेच तिला आठवेना.”

आठवं, पान ३१७: “उणवशाला विचारू नका. तो आता तोच आहे.”

मी कार्ड लिहिलं: उणवसा, नाम, पुल्लिंग. गेलेल्या माणसाच्या जागी बसवलेलं जिवंत माणूस. गेलेल्याच्या नावाने मारलेल्या तिसऱ्या हाकेला ओ दिली, की बसवलेल्याची स्वतःची माणसं त्याला विसरतात. मग तोही स्वतःला विसरतो.

मोठ्या ऐटीत काकूंना दाखवायला नेलं. त्यांनी दोनदा वाचलं. बरोबर आहे म्हणाल्या. फक्त एक ओळ वाढव: त्याला दुखत नाही.

मी विचारलं, हे कुठल्या पानावर आहे? त्यांनी कार्ड परत दिलं आणि भाजी निवडायला घेतली.

सोमवार, १८ मार्च

सकाळी चादरी धूत होते, कोपरापर्यंत साबण. मागून हाक आली, झिपरे, नळ बंद कर गं. मी ‘हो’ म्हणाले आणि नळ बंद केला.

दुसरी.

दुपारी घरी फोन लावला. वहिनीने उचलला आणि अदबीने विचारलं, आपण कोण बोलताय? वीस वर्षं एका चुलीवर शिजवलं आम्ही! मी नाव सांगितलं. ती म्हणाली, जरा थांबा हं, ह्यांना विचारते. मग दादा आला. ओळखलं त्याने, पण आधी थांबला. चार आकडे मोजता येतील इतकं थांबला. वयच झालं माझं, म्हणाला. त्याला हसू आलं, मला नाही.

माणसं थकतात, विसरतात. असंही असेल. पण बावीस वर्षं चुका पकडल्यात मी. चूक समोर असली की मला मानेमागे कळतं.

गुरुवार, २१ मार्च

हस्तलिखितांच्या पेटीत तळाला एक लिफाफा मिळाला. त्यात लेखक आणि एका उंच, रुंद कपाळाच्या बाईचा फोटो. मागे लिहिलंय: बहीण, गेली, आणि वर्ष. एकतीस वर्षांपूर्वीचं.

त्याच लिफाफ्यात नोकरीसाठी आलेला एक अर्ज. काम: टायपिंग, तीन महिने. तीस वर्षांपूर्वीचा. अर्जावर चिकटवलेला फोटो आत्यांचा. तरुण, वेणी घातलेल्या, पण त्याच.

काकू दवाखान्यात गेल्या होत्या. मी तो अर्ज आत्यांसमोर ठेवला. त्यांनी तो उचलून बघितला. मग आपल्या टकटकणाऱ्या बोटांकडे बघितलं, जणू ती दुसऱ्या कुणाची आहेत. म्हणाल्या, मी कामाला आले होते. तीन महिन्यांसाठी.

घरी कोण होतं, विचारलं. म्हणाल्या, पाळणा आठवतो. त्यात कोण होतं ते आठवत नाही.

मग भराभर बोलल्या. एवढं बोलताना मी त्यांना कधीच ऐकलं नव्हतं. भावाने (म्हणजे लेखकाने) ते एकदाच केलं आणि जन्मभर पस्तावला. मुलीच्या जागी कुणाला बसवायचं नाही असं त्याने काकूंना बजावून ठेवलं होतं. आता तो नाही. पळून उपयोग नाही, हाक घराला बांधलेली नसते. त्यासुद्धा पळाल्या होत्या. तिसरी हाक बसथांब्यावर आली.

मी विचारलं, मग करायचं काय? म्हणाल्या, मला माहीत असतं तर मी आत्या असते का?

रात्रीपर्यंत थांबले नाही, जेवणाआधीच ठरवलं. लहानपणी आई म्हणायची, ही पोरगी आधी नाही म्हणते, मग ऐकते. मी कुणाच्या मुलीची जागा भरायला आलेले नाही. मी सूची करायला आले. ती माझ्या पद्धतीने करीन.

शनिवार, २३ मार्च

शब्दाचा अर्थ म्हणजे त्याचा वापर. बरं, मग वापरच बदलून टाकते.

सकाळी खाली गेले. शिंपी पक्क्या शिलाईआधी कापडाला कच्चा टाका घालत होता. मी म्हटलं, मामा, याला एक जुना शब्द आहे, उणवसा. तात्पुरता टाका. पक्की शिलाई झाली की ओढून फेकायचा. त्याला इतका आवडला, की दुपारपर्यंत प्रत्येक गिऱ्हाइकाला ऐकवत होता. आत्ता उणवसा घालून ठेवतो, मंगळवारी या! संध्याकाळी समोरची बाई गच्चीतून ओरडली, अहो, माझ्या परकराचा उणवसा उसवला!

वर काकूंनी खिडकी धाडकन लावून घेतली. त्यांची पाठ पहिल्यांदाच वाकलेली दिसली.

आत्या तोंडाला पदर लावून हसत होत्या. हसता हसता थांबल्या. म्हणाल्या, मुलगी होती. पाळण्यात मुलगी होती.

मी कार्ड फाडलं. नवं लिहिलं: उणवसा, पुल्लिंग, शिवणकाम. ओढला की निघतो.

सोमवार, २५ मार्च

काकू खोलीत येऊन बसल्या. चिडल्या नव्हत्या. मी तुला काय कमी केलं, म्हणाल्या. तुझ्या घरी तू धाकटी नणंद, कोपऱ्यातली खाट. इथे अख्खी खोली. सत्तावीस वर्षं मी या पलंगाची चादर बदलते आहे.

वाईट वाटलं. खरंच वाटलं. मी त्यांचा हात धरला आणि म्हटलं, काकू, तिच्यासाठी रडायला मी तुमच्याशेजारी बसेन. रोज बसेन. पण ती होणार नाही.

त्यांनी हात सोडवून घेतला.

तेव्हापासून हाका. जिन्यातून. न्हाणीघराच्या दारातून. कधी वयस्कर आवाजात, कधी तरुण. ओठ दातांत धरून बसलेय. कुणी साधं ‘अगं’ म्हटलं तरी उत्तर देत नाही. खोकलासुद्धा गिळते.

मंगळवार, २६ मार्च

दादाला फोन. उद्या ये, मला ने. येतो म्हणाला. पत्ता लिहून घेतला. मग विचारलं — तिथे येऊन कुणाची चौकशी करू?

मी नाव सांगितलं. त्याने स्पेलिंग विचारावं तसं दोनदा विचारलं. लिहिलं असेल. लिहिलं असावं.

आत्यांना सांगितलं, तुम्हीही चला. म्हणाल्या, मी कुठे जाऊ, मला कोण ओळखतं? म्हटलं, मी ओळखते. तुम्ही टायपिंगवाल्या बाई. त्यांनी पिशवी भरली. दोन लुगडी आणि तो अर्ज.

बुधवार, २७ मार्च. सकाळ

प्रकाशकांचा फोन काकूंनी घेतला. सूचीवाल्या बाई? नाही हो, अजून कुणी आलंच नाही, म्हणाल्या. माझ्याकडे बघत म्हणाल्या.

शिंप्याने हात केला. झिपरीताई, आज लवकर उठलात?

मान हलवली नाही. हूं की चूं नाही.

त्याच दिवशी, अकरा वाजता

दादा आलाय! खिडकीतून दिसतोय. तोच चौकड्यांचा शर्ट, हातात चिठ्ठी. वर बघतोय. हात केला मी. त्यानेही केला — अनोळखी माणसाला करतात तसा.

चिठ्ठी वाचली. उलटून बघितली. काकू खाली दारात उभ्या आहेत, त्याला काहीतरी सांगताहेत. तो मान डोलावतोय —

हाक मारली.

दादाचा आवाज. माझ्या दादाचा. तापात उशाशी बसायचा तो आवाज.

झिपरे, म्हणाला.

जीभ उचलली गेली होती. चावली. रक्त आलंय, येऊ दे.

खाली जाऊन त्याला माझं नाव सांगायचं. आधी इथे लिहून घेते. माझं नाव

माझं

नाही येत. बरं. नसू दे. नाव नाही आठवलं तरी कुठल्या नावाला ओ द्यायची नाही ते मला पक्कं आठवतंय. एवढं माझं आहे. एवढ्यावर मी जिना उतरते. त्याच्यासमोर उभी राहून सांगते, मी ती नाही. मग मी कोण ते तू आणि मी मिळून बघू, घरी जाऊन, सावकाश.

आत्या दारात पिशवी घेऊन उभ्या आहेत. हात धरलाय त्यांनी. बोटं स्वस्थ आहेत त्यांची.

पुन्हा हाक — दादा रडतोय की काय — एकदा तरी बोल म्हणतोय, झिपरे, एकदा तरी —

नाही.

नाही रे दादा — निसटलं तोंडातून — ना