कोल्हा लबाड दिसायला हवा

सोमवार, ४ तारीख
आले एकदाची! संग्रहालयामागची खोली लहान, पण खिडकी ऐसपैस आणि नळाला चोवीस तास पाणी. आणखी काय हवं? कामही आवडीचं: भुसा भरलेल्या जुन्या प्राण्यांची डागडुजी. ताई फोनवर म्हणाली, "म्हणजे मेलेल्यांची न्हावीण झालीस की गं!" हसून हसून पोट दुखलं.

बुधवार, ६
संग्रहालयाच्या साहेबांची एकच अट. शाळेतली मुलं येतात, त्यांना बघताक्षणी कळलं पाहिजे: कोल्हा लबाड, ससा भित्रा, गाढव बिनडोक. मी म्हटलं, जिवंतपणी कोल्हा काही असा हसत नसणार. तर म्हणाले, त्याला कोण विचारतंय? मग कातडं भिजवून मऊ केलं, चाळलेला कोरडा भुसा भरला आणि ओठ टाचण्यांनी वर ओढून बसवला. छान जमलाय, अगदी बेरकी.

शनिवार, ९
कोल्ह्याच्या तोंडातून काहीतरी गळतंय. आधी वाटलं, गोंद असेल. बोट लावलं तर कोमट, तार सुटणारं. नासलेल्या मटणाचा वास. साबणाने धुतलं, रॉकेलने धुतलं, वास हाताला तसाच. आता चमच्यानेच जेवते.

सोमवार, ११
टाके उसवले. आत भुसा नाहीच. गुलाबी, लिबलिबीत मांस, त्यावर पिवळ्या चरबीचा थर, आणि ते सगळं हळूहळू हलत होतं, घास गिळताना गळा हलतो तसं. बादलीत ओकले. साहेबांना बोलावून दाखवलं. नाकाला रुमाल लावून म्हणाले, शिवून टाका, उद्या सहल येतेय.
शिवलं. सुईला रक्त लागलं.

मंगळवार, १२
मुलं कोल्ह्याला वाकुल्या दाखवत होती. ससा ओला. गाढवही. फरशीवर चिकट ओघळ. चौकीदारमामा पुसता पुसता म्हणाले, पोरी, आजच गाडी पकड. पगार झाल्यावर जाईन म्हटलं —

बुधवार, १३
साहेब खुर्चीत. कातडं तेवढं त्यांचं. कानातून, नाकातून भुसा सांडतोय — माझाच, चाळलेला. जबडा फाकवून टाचलाय, जीभ बाहेर, डोळे वखवखलेले. माणूस बघताक्षणी कळावा, असा.
मामा पळाले. बाहेरून कडी कोणी —
प्राण्यांची काचेची कपाटं सगळी रिकामी. दाराशी तो वास. चाटल्याचा आवाज, ओला.
मला कसं दिसायला लावतील? मी तर सांगितलं तेवढंच केलं — हात माझे होते, पण सांगितलं साहेबांनी, हे त्या प्राण्यांना कोणीतरी —