राखेच्या कविता

प्रिय अण्णा,

मी सोलापूरला पोचले तोवर तुला माती देऊन झाली होती. रडू आलं नाही. मी अव्वाला विचारलं, "अस्थी कधी आणायच्या?"

ती बघतच राहिली. "आपल्या लिंगायतांत पुरत्यात की गं. इसरलीस व्हय?"

माझा सगळा अभ्यास प्राचीन लॅटिन शोककवितांचा. तू ते लेकीचं कौतुक म्हणून दुकानात येईल त्याला सांगायचास. त्या कवितांत माणसं राखेशी बोलतात, आणि आजही जग त्याच चालीवर रडतं, असं मी प्रबंधात लिहिलंय.

आज रुद्रभूमीत, तुला पुरलंय तिथे आलेय. आपल्या रीतीप्रमाणे तुला मातीखाली मांडी घालून बसवलंय, तळहातावर गळ्यातलं इष्टलिंग ठेवून. मीही समोर मांडी घातली, आपण जेवायला बसायचो तशी.

राखेला काय म्हणायचं ते मला तोंडपाठ आहे. बसलेल्या अण्णाला काय म्हणतात?

तुझी,
महानंदा