बिबट्या एकावर थांबतो

१२ ऑक्टोबर
पोचले एकदाची! डोंगरमाथ्यावरच्या या निरीक्षण केंद्रात आम्ही तिघंच: ताई, भावजी आणि मी. रानातली जनावरं इथला हिवाळा कसा काढतात ते बघायचं आणि टिपून ठेवायचं, एवढंच काम. ताईनंच मला इथं लावून घेतलं. भावजी म्हणाले, मेहुणी आली, आता भांडायला माणूस मिळालं. पलंग मात्र ताईनं मला खिडकीजवळचा दिला. धाकटीचे लाड अजून संपलेले नाहीत!

२५ ऑक्टोबर
उंदराएवढे, बिनशेपटीचे ससे गवत कापून दगडांवर वाळत घालतात आणि कपारीत साठवतात. ढग आला की काय त्यांची धांदल! मार्मोटांनी, म्हणजे मांजराएवढ्या गुबगुबीत डोंगरी खारींनी, बिळांची तोंडं आतून मातीनं बुजवून टाकली. अख्खं कुटुंब एकमेकांना बिलगून वसंतापर्यंत झोपणार. लहानपणी मी ताईच्या कुशीत अशीच झोपायचे.

१७ नोव्हेंबर
बर्फ गुडघ्यापर्यंत. वाऱ्यानं झाडून काढलेल्या धारेवरच काय ते गवत उघडं, म्हणून रानबकऱ्या तिथं चरतात. आज बिबट्या आला. कळप पळाला, एक लंगडी मागे पडली. मला रडू आलं. भावजी म्हणाले, बिबट्या एकावर थांबतो, म्हणून बाकीचे सुटतात. ताईनं ते वहीत टिपून घेतलं.

२ डिसेंबर
बकऱ्या खाली उतरल्या. बिबट्या मात्र उतरला नाही. केंद्राच्या राखणीचा कुत्रा त्यानं नेला. अंगणात रोज ताजे ठसे. छपरावरचा बर्फ काढताना मी पडले, पाय टेकवत नाही. शिधा संपत आलाय. चालतच, खिंड ओलांडून खाली जावं लागणार. मी घाबरले तर ताई म्हणाली, वेडे, तुला घसरगाडीवर बसवून ओढत नेऊ. पायाला तेल चोळून दिलं तिनं.

४ डिसेंबर
जाग आली तर घर गार. हाका मारल्या. कुणी नाही. घसरगाडी नाही. माझे बूटही नाहीत. दाराचा अडसर काढून नेलाय. उंबऱ्याबाहेर मांसाचे तुकडे— आमच्याच साठ्यातले.
हे भावजींचं काम. ताईला माहीतच नसेल. ती असं कधीच—

दुपार
खिंडीच्या चढावर दोघं दिसतायत. खिडकीतून ओरडले. ताई थांबली. वळली. बघितलं तिनं माझ्याकडे.
मग भावजींच्याही पुढे निघाली. भरभर.

बिबट्या अंगणात. त्यांच्याकडे ढुंकूनही बघत नाही. तुकडे संपलेत.

टेबल दाराला लावलंय— सरकतंय—
आईला काय सांगेल ती? ठाऊक आहे मला. म्हणेल, किती समजावलं गं, ऐकलंच नाही, हट्टानं एकटीच मागे रा—